नकाशाची रेषा आणि ज्येष्ठतेची यादी

चंद्रपूर जिल्ह्याच्या नैर्ऋत्य भागात, पैनगंगा वर्धेला मिळते त्या कोपऱ्यापासून माणिकगडाच्या डोंगरापर्यंत पसरलेला कोरपना-राजुऱ्याचा मुलूख आज कापसाची शेते, चुनखडीच्या खाणी आणि गडचांदूर व आवारपूर येथील सिमेंटचे कारखाने यांसाठी ओळखला जातो. परंतु महाराष्ट्रातील सरकारी नोकरीच्या इतिहासात या मुलखाचे महत्त्व वेगळ्याच कारणाने आहे. १ नोव्हेंबर १९५६ च्या आदल्या दिवसापर्यंत हा भाग हैदराबाद राज्यातील आदिलाबाद जिल्ह्याचा राजुरा तालुका होता. १ नोव्हेंबरला तो द्विभाषिक मुंबई राज्यात येऊन नांदेड जिल्ह्याला जोडला गेला, १९५९ मध्ये तेथून काढून चांदा जिल्ह्यात घातला गेला आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्राचा भाग झाला. चार वर्षे पुरी होण्याच्या आत येथील कचेरीने तीन राज्ये आणि तीन जिल्हे पाहिले. जमिनीला आणि माणसांना अशा बदलाने फारसे हलावे लागत नाही. हलते ती कचेरीतील कर्मचाऱ्यांची क्रमवारी, आणि पदोन्नतीच्या वादांचा मोठा भाग या हललेल्या क्रमवारीतूनच जन्माला आलेला आहे.

‘ज्येष्ठता’ या शब्दाचा व्यवहारातील अर्थ वयाने मोठेपणा असा असला तरी सेवेच्या कायद्यात त्याचा वयाशी थेट संबंध नसतो. एकाच संवर्गातील, म्हणजे समान पदनाम, समान वेतनश्रेणी आणि समान भरतीनियम असलेल्या पदांच्या गटातील कर्मचाऱ्यांमध्ये कोण आधी व कोण नंतर हे ठरवणारा क्रम म्हणजे ज्येष्ठता होय. वरच्या पदाची जागा रिकामी झाली की विभागीय पदोन्नती समिती या क्रमाने नावे विचारात घेते, अतिरिक्त ठरलेल्यांना कमी करायची वेळ आली तर याच क्रमाच्या तळापासून सुरुवात होते, आणि म्हणून तीस-पस्तीस वर्षांच्या नोकरीत माणूस कोणत्या खुर्चीवरून निवृत्त होईल हे बऱ्याच अंशी पहिल्या काही वर्षांत मिळालेल्या क्रमांकावर अवलंबून राहते. भारतीय संविधानाच्या अनुच्छेद १६ ने सार्वजनिक नोकरीत समान संधीची हमी दिली आणि अनुच्छेद ३०९ ने सेवाशर्तींचे नियम करण्याचा अधिकार राज्यांना दिला. या दोहोंच्या मधल्या जागेत ज्येष्ठतेचे खटले उभे राहत आले आहेत.

राजुऱ्याच्या परिसरात हा प्रश्न तीव्र का झाला हे समजण्यासाठी जुन्या सीमांकडे पाहावे लागते. निजामाच्या राज्यात पूर्वी सिरपूर-तांदूर या नावाने ओळखला जाणारा प्रदेश १९०५ मध्ये आदिलाबाद जिल्हा झाला आणि राजुरा व किनवट हे तालुके त्यात होते. पैनगंगेच्या पलीकडे वणीचा वऱ्हाडी भाग होता, जो नावाने निजामाचा पण कारभाराने ब्रिटिशांचा होता. वर्धेच्या पलीकडे चांदा जिल्हा, म्हणजे मध्य प्रांत होता. दोन नद्या ओलांडल्या की महसुलाचे नियम, दप्तराची भाषा, पगाराचे चलन आणि वर्षाची मोजणीही बदलत असे. हैदराबादच्या कारभाराची भाषा उर्दू होती, तर मध्य प्रांताच्या जागी आलेल्या मध्य प्रदेशाने हिंदी व मराठी या दोन्ही भाषांना राजभाषेचा दर्जा दिला होता. हैदराबादचे चलन ‘हाली सिक्का’ म्हणून ओळखले जाई आणि भारतीय सहा रुपयांना सात हाली रुपये असा त्याचा दर होता. दप्तरातील साल फसली असे आणि वर्ष आजूर, दै, बहमन अशा महिन्यांनी मोजले जाई. जहागिरी नष्ट करणारा १९४९ चा कायदा म्हणूनच अधिकृत नावात १३५८ फसलीचा म्हणून ओळखला जातो. त्या राजवटीत नेमणूक झालेल्या कारकुनाची सेवेतील पहिली तारीख मुंबई राज्याच्या यादीत आणायची तर फसली सालात महिना पाहून ५९० किंवा ५९१ मिळवावे लागत. जेथे एक दिवस आधी रुजू झालेला कर्मचारी आयुष्यभर पुढे राहतो तेथे कालगणना ही कोरडी बाब राहत नाही.

या सीमेच्या अलीकडे सरकारी नोकर कोण होता, हाही प्रश्न महत्त्वाचा आहे. हैदराबाद राज्यात ‘मुल्की’ म्हणजे राज्याचा रहिवासी असण्याची अट नोकरीसाठी होती, आणि १९४८ च्या पोलीस कारवाईनंतर मद्रास, मुंबई आदी प्रांतांतून अधिकारी आणले गेल्याने मुल्की-गैरमुल्की हा वाद पेटून १९५२ मध्ये त्याचे आंदोलन झाले. दुसरीकडे, १९४० मध्ये जोडेघाट येथे कोमराम भीम याच्या नेतृत्वाखाली झालेला गोंडांचा उठाव मोडल्यानंतर निजाम सरकारने मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ यांच्याकडून या भागाची पाहणी करवली आणि १९४३ मध्ये आदिलाबाद जिल्ह्यातील मार्लवाई येथे गोंड शिक्षकांसाठी प्रशिक्षण केंद्र निघाले. देवनागरी लिपीतील गोंडी वाचनपाठांवर शिकलेल्या या तरुणांतून शिक्षक व गावकामगार तयार झाले. आदिलाबादच्या सरकारी नोकरीत स्थानिक आदिवासी हा एक नवा घटक अशा रीतीने येत होता, तोच त्या जिल्ह्याचे दोन तुकडे झाले.

१९५६ च्या राज्य पुनर्रचना कायद्याने हा तुकडा पाडताना कर्मचाऱ्यांसाठी स्वतंत्र व्यवस्था केली होती. कलम ११५ प्रमाणे ज्या राज्याचा काही भाग दुसरीकडे जाणार होता त्या राज्याचा नोकर आधी मुख्य उत्तराधिकारी राज्यात तात्पुरता राहणार होता, अन्यथा केंद्र सरकारच्या आदेशाने दुसऱ्या राज्यात तात्पुरते काम करणार होता, आणि पुढे केंद्र सरकारच त्याचे अंतिम वाटप करणार होते. हैदराबादचे मुख्य उत्तराधिकारी राज्य आंध्र प्रदेश होते, आणि मराठी जिल्ह्यांसाठी ज्यांची सेवा मुंबई राज्याकडे वर्ग झाली त्यांना पुढच्या सर्व कागदपत्रांत ‘वाटप झालेले सरकारी नोकर’ म्हटले गेले. त्याच कलमाने सेवांचे विभाजन व एकत्रीकरण न्याय्य व्हावे म्हणून सल्लागार समित्यांची तरतूद केली आणि केंद्राच्या पूर्वमान्यतेवाचून कोणाच्याही सेवाशर्ती त्याचे नुकसान होईल अशा बदलू नयेत, असे बंधन राज्यांवर घातले. पुढची पंचवीस वर्षे न्यायालयांत कीस पडला तो या शेवटच्या बंधनाचा.

एकत्रीकरणाचे पहिले पाऊल म्हणजे पदांची समकक्षता ठरवणे, कारण भिन्न राज्यांतील माणसांना एका यादीत बसवण्यापूर्वी कोणते पद कोणत्या पदाच्या बरोबरीचे हे ठरले पाहिजे. १८ व १९ मे १९५६ रोजी भरलेल्या मुख्य सचिवांच्या परिषदेने यासाठी चार कसोट्या मान्य केल्या: पदाचे स्वरूप व कर्तव्ये, पदावरील व्यक्तीचे अधिकार, जबाबदारी आणि तिच्या ताब्यातील प्रदेशाचा विस्तार, भरतीसाठी लागणारी किमान अर्हता, आणि पदाचे वेतन. कागदावर या कसोट्या स्वच्छ दिसतात, परंतु महसूल खात्यात त्या लावू गेल्यास अडचण लगेच लक्षात येते. तालुक्याच्या प्रमुखाला मुंबईत मामलेदार म्हणत, तर हैदराबाद व मध्य प्रदेशात तहसीलदार. त्याच्या खाली मुंबईत अव्वल कारकून, मध्य प्रदेशात नायब तहसीलदार आणि हैदराबादेत नायब तहसीलदाराबरोबर पेशकार. गावांच्या गटावर एकीकडे मंडळ निरीक्षक, दुसरीकडे महसूल निरीक्षक आणि तिसरीकडे गिरदावर. गावपातळीवर मुंबईत सरकारी पगाराचा तलाठी, तर हैदराबादेत पिढीजाद वतनाचा पटवारी. पगाराने समान असलेली पदे अधिकाराने असमान निघत, अधिकाराने समान असलेली पदे अर्हतेत कमी-जास्त ठरत. मध्य प्रदेशातील अभियंत्यांच्या एकत्रीकरणातून उद्भवलेल्या पी. के. रॉय खटल्याच्या निमित्ताने सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्ये या चार कसोट्यांचा परामर्श घेतला आणि अंतिम निर्णय केंद्र सरकारचा असला तरी बाधित कर्मचाऱ्यांना आपले म्हणणे मांडण्याची खरी संधी मिळाली पाहिजे, यावर भर दिला.

मुंबई सरकारने १९५७ मध्ये वाटप झालेल्या नोकरांचे सामीलीकरण, ज्येष्ठता, वेतन व भत्ते यांविषयी नियम केले. समकक्ष ठरलेल्या पदावरील अखंड सेवेचा काळ मोजायचा, आणि एकाच जुन्या राज्यातून आलेल्या दोघांमधला पूर्वीचा क्रम मात्र उलटा होऊ द्यायचा नाही, हे अशा एकत्रीकरणाचे सर्वसाधारण सूत्र होते. या सूत्रात न्याय होता, पण ज्या राज्यात बढत्या लवकर होत त्या राज्यातील माणसाला त्याचा आपोआप लाभ मिळे. समजा एका राज्यात दहा वर्षांत तहसीलदार होता येई आणि दुसऱ्यात पंधरा वर्षांत, तर एकाच वर्षी नोकरीस लागलेल्या दोघांपैकी पहिला समान पदावर पाच वर्षांनी ज्येष्ठ ठरणार. त्यात दोघांपैकी कोणाचाच गुण किंवा दोष नसे. विलीनीकरणाच्या यादीत बहुतेक प्रत्येकाला आपल्यावर अन्याय झाल्याचे वाटते याचे कारण हेच आहे. प्रत्येक जण आपल्या जुन्या राज्यातील क्रमाने नव्या राज्यातील क्रम मोजत असतो, आणि जुन्या राज्यात जे वर्षानुवर्षे ‘आपल्या मागे’ होते तेवढेच त्याच्या ओळखीचे असतात.

यातून न्यायालयापुढे आलेला मूलभूत प्रश्न असा होता की पदोन्नतीची आशा ही सेवाशर्त आहे काय. ती सेवाशर्त मानली तर कलम ११५ चे संरक्षण तिला मिळते आणि राज्याला नवे नियम करताना केंद्राची परवानगी घ्यावी लागते. ती तशी नसेल तर राज्य आपल्या मर्जीने रचना बदलू शकते. केंद्राने ११ मे १९५७ च्या पत्राने राज्यांना काही बाबतीत आधीच मोकळीक दिली होती, आणि मद्रासमधून म्हैसूर राज्यात गेलेल्या दक्षिण कानडा जिल्ह्यातील एका कर्मचाऱ्याच्या खटल्यात, १९६४ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने ते पत्र म्हणजेच पूर्वमान्यता असे मानले. म्हैसूर राज्यातीलच पुरोहित खटल्यात स्वच्छता निरीक्षकांची जिल्हानिहाय ज्येष्ठता राज्यनिहाय केल्यामुळे अनेक जण एकदम खाली गेले होते. १९६७ च्या निकालात न्यायालयाने सांगितले की पदोन्नतीची शक्यता कमी झाली म्हणजे सेवेची शर्त बदलली असे होत नाही. पदोन्नतीसाठी विचार केला जाण्याचा हक्क आणि पदोन्नती मिळण्याची शक्यता यांत न्यायालयाने अशी सीमा घातली, आणि ती आजही पुसली गेलेली नाही.

हाच प्रश्न महाराष्ट्राच्या, आणि तोही हैदराबादहून आलेल्या महसूल अधिकाऱ्यांच्या संदर्भात, १९७३ च्या रामचंद्र शंकर देवधर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात उपस्थित झाला. पूर्वीच्या हैदराबाद राज्यातील तहसीलदार मुंबई राज्यात आल्यानंतर उपजिल्हाधिकारी पदावरील बढत्या महसूल विभागनिहाय निवडसूच्यांमधून होऊ लागल्या आणि रिकाम्या जागांपैकी निम्म्याच जागा पदोन्नतीने भरल्या जाऊ लागल्या. न्यायालयाने या दोन तक्रारींना वेगवेगळा न्याय दिला. पदोन्नतीच्या जागा निम्म्यावर आल्याने आणि विभागनिहाय निवडीमुळे शक्यता घटली, एवढ्यावरून कलम ११५ चा भंग होत नाही, असे पुरोहित खटल्याचे तत्त्व कायम ठेवून सांगितले. परंतु उपजिल्हाधिकारी हा संपूर्ण राज्याचा संवर्ग असताना त्यात शिरण्याच्या वाटा विभागाप्रमाणे वेगळ्या ठेवल्या तर एका विभागातील कनिष्ठ माणूस दुसऱ्या विभागातील ज्येष्ठाच्या आधी वर जातो आणि समान संधीचा हक्क मोडतो, म्हणून विभागनिहाय निवडसूचीची पद्धत अनुच्छेद १६ विरुद्ध ठरवली. शासनाचा आणखी एक आक्षेप होता की अर्जदार फार उशिरा, अनेक वर्षांनी न्यायालयात आले; त्यावर न्यायालयाने उशिराचा नियम यंत्रवत लावता येत नाही आणि समान संधीचा मूलभूत हक्क मागणाऱ्याला केवळ विलंबामुळे परत पाठवणे योग्य नव्हे, असे म्हटले. पुढे १९८१ मध्ये विक्रीकर खात्यातील एकत्रीकरणाच्या खटल्यातही महाराष्ट्राच्या बाजूने पदोन्नतीच्या शक्यतेविषयीचे तत्त्व पुन्हा उच्चारले गेले.

देवधर निकालाचा अर्थ राजुऱ्याच्या नकाशावर ठेवून वाचला तर तो अधिक स्पष्ट होतो. १९५६ ते १९५९ या काळात हा तालुका नांदेड जिल्ह्यात, म्हणजे मराठवाड्यात होता. १९५९ नंतर चांदा जिल्ह्यासह तो विदर्भात, नागपूरच्या बाजूला गेला. ज्या व्यवस्थेत बढतीची सूची विभागागणिक वेगळी असते, त्या व्यवस्थेत तालुका एका विभागातून दुसऱ्या विभागात सरकला की तेथील कर्मचाऱ्याच्या पुढचे आणि मागचे सगळे सहकारी बदलतात. काम तेच, कचेरी तीच, पण रांग दुसरी. जिल्ह्याचा संवर्ग, विभागाचा संवर्ग आणि राज्याचा संवर्ग हे शब्द कोरड्या नियमांतले वाटतात, पण सीमेवरील तालुक्यात त्यांचा अर्थ नदीच्या पात्राइतका ठोस असतो.

सेवेत राजुऱ्याचे हैदराबादीपण किती काळ टिकले याचा एक सूक्ष्म पुरावा अनुसूचित जमातींच्या यादीत मिळतो. १९५६ नंतरच्या यादीत महाराष्ट्रातील जमाती प्रदेशवार वेगवेगळ्या नोंदल्या होत्या, आणि त्यात चांदा जिल्ह्यातील राजुरा तहसील स्वतःच्या जिल्ह्याबरोबर न ठेवता औरंगाबाद, परभणी, नांदेड, बीड व उस्मानाबाद या मराठवाड्याच्या जिल्ह्यांच्या गटात घातली होती. गोंड, कोलाम, परधान, थोटी, आंध अशा जमातींची त्या गटाची यादी हैदराबादच्या जुन्या यादीची वारस होती. म्हणजे प्रशासनाने तालुका विदर्भात हलवला तरी आरक्षणाच्या दृष्टीने तो मराठवाड्यात राहिला. १९७६ च्या दुरुस्ती कायद्याने प्रदेशाची बंधने काढल्यानंतरच हा भेद मिटला. त्या कायद्याने एक जुना प्रश्न संपवला आणि एक नवा उभा केला, कारण बंधने सुटल्यावर विदर्भात हलबा-कोष्टी यांसारख्या नामसादृश्याच्या दाव्यांवर नोकऱ्या मिळाल्या. सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्ये मिलिंद खटल्यात यादीतील नोंदीबाहेर जाता येणार नाही असे ठरवले, २०१७ च्या निकालात अवैध प्रमाणपत्रावर मिळालेल्या नोकरीला संरक्षण नाही हे स्पष्ट केले, आणि राज्य शासनाने २१ डिसेंबर २०१९ च्या निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना ‘अधिसंख्य’, म्हणजे मंजूर आकृतिबंधाबाहेरच्या तात्पुरत्या पदांवर वर्ग केले. असे कर्मचारी क्रमवारीतून बाजूला काढले की त्यांच्या मागच्या प्रत्येकाचा क्रमांक बदलतो. म्हणून जात पडताळणीचा निकाल आणि ज्येष्ठतेचा निकाल ही एकाच साखळीची दोन टोके आहेत.

राज्यांच्या एकत्रीकरणाचे खटले निवळत गेले तसा महाराष्ट्रातील दुसरा मोठा वाद, सरळसेवेने आलेले व पदोन्नतीने आलेले यांच्यातील, ठळक झाला. स्पर्धा परीक्षेतून थेट वरच्या पदावर नेमलेला तरुण आणि खालच्या पदावर वर्षानुवर्षे काम करून तेथवर पोहोचलेला अनुभवी कर्मचारी यांच्यात पुढे कोण, हा प्रश्न पाटबंधारे व बांधकाम खात्यांतील उपअभियंत्यांमध्ये विशेष चिघळला. तत्कालीन नियमांत ज्येष्ठता ‘कायम’ होण्याच्या तारखेवर टांगलेली होती आणि कायम करणे शासनाच्या सोयीवर अवलंबून असे. १९७७ मध्ये पटवर्धन खटल्यात न्यायमूर्ती यशवंत विष्णू चंद्रचूड यांनी कायम होणे हे कार्यक्षमतेवर किंवा रिक्त पदावरही अवलंबून नसल्याने ज्येष्ठतेची ती कसोटी होऊ शकत नाही, असे ठरवले. त्याच क्षेत्रातील सरळसेवा अभियंत्यांच्या संघटनेच्या खटल्यात २ मे १९९० रोजी घटनापीठाने ज्येष्ठतेविषयी अकरा निष्कर्ष मांडले. त्यांतला पहिला असा की नियमानुसार नेमणूक झाल्यास ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून मोजावी, आणि दुसरा असा की सुरुवातीची नेमणूक पूर्ण नियमांप्रमाणे नसली तरी ती अखंड चालू राहून नियमित झाली तर तो काळही मोजावा. मात्र नियम डावलून केलेली तात्पुरती नेमणूक मोजता येत नाही. देशभरच्या ज्येष्ठतेच्या खटल्यांत हा महाराष्ट्रातील निकाल आधार म्हणून उद्धृत केला जातो.

या दोन निकालांच्या मध्ये राज्याने स्वतःचे नियमही बांधले. महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियम, १९८२ यांनी अखंड सेवा हे सूत्र स्वीकारले, ‘अभावित’ म्हणजे केवळ योगायोगाने मिळालेली तात्पुरती सेवा मोजणीतून वगळली आणि ‘मानीव दिनांक’ ही संकल्पना प्रचारात आणली. चुकीने मागे राहिलेल्या कर्मचाऱ्याला पुढे पदोन्नती मिळते तेव्हा ती त्याला खरोखर मिळायला हवी होती त्या जुन्या तारखेपासून मिळाली असे मानायचे, हा त्या दिनांकाचा अर्थ. कचेरीत अशा माणसाला ‘मानीव दिनांक मिळाला’ असे म्हणतात आणि त्यात पगारापेक्षा मानाचा भाग मोठा असतो. हे नियम २०२१ च्या नव्या नियमांनी बदलले गेले आहेत, पण दरवर्षी १ जानेवारीच्या स्थितीची ज्येष्ठता यादी प्रसिद्ध करायची, तात्पुरत्या यादीवर हरकती मागवायच्या आणि मग अंतिम यादी काढायची, ही शिस्त चालू आहे. ती यादी म्हणजे आडवे पसरलेले एक कोष्टक असते: अनुक्रमांक, नाव, जन्मतारीख, प्रवर्ग, शैक्षणिक अर्हता, सेवेतील प्रथम नियुक्ती, सध्याच्या पदावरील नियुक्ती, विभागीय परीक्षा उत्तीर्ण झाल्याचा दिनांक, निवृत्तीचा दिनांक आणि शेवटी अरुंद असा ‘शेरा’. इतर रकान्यांत तारखा असतात. वाद शेऱ्यात असतो. ‘न्यायालयीन निर्णयाच्या अधीन राहून’, ‘आंतरजिल्हा बदलीने’, ‘विकल्पानुसार’ असे दोन-तीन शब्द तेथे दिसले की त्यांच्यामागे एखादी याचिका किंवा एखादी सरकलेली सीमा उभी असते.

आंतरजिल्हा बदलीचा शेरा चंद्रपूर-गडचिरोलीच्या वनजिल्ह्यांत विशेष महत्त्वाचा आहे. २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूरपासून गडचिरोली जिल्हा वेगळा झाला आणि ज्या पदांचे संवर्ग जिल्हानिहाय असतात, त्यांच्या याद्याही पुढे दोन झाल्या. तलाठी, लिपिक किंवा जिल्हा परिषदेचा शिक्षक आपल्या जिल्ह्याच्या यादीत असतो; स्वतःच्या विनंतीवरून दुसऱ्या जिल्ह्यात गेला की तेथील यादीच्या तळाशी बसतो, आणि शिक्षकांच्या बोलण्यात ‘ज्येष्ठता शून्य झाली’ असा प्रयोग रूढ आहे. दुर्गम भागातून घराजवळ येण्याची ही किंमत आहे. याच्या उलट दिशेने, दुर्गम भागात माणूस टिकावा म्हणून शासनाने ६ ऑगस्ट २००२ च्या निर्णयाने आदिवासी व नक्षलग्रस्त क्षेत्रात काम करणाऱ्याला तेवढ्या काळापुरती वरच्या पदाची वेतनश्रेणी, म्हणजे ‘एकस्तर’ लाभ दिला. कालबद्ध पदोन्नती (१९९५) आणि तिच्यानंतरची आश्वासित प्रगती योजना (२००१) यांच्याप्रमाणेच एकस्तर लाभही पगार वाढवतो, क्रमांक वाढवत नाही. न्यायालयांनी हक्क आणि शक्यता यांच्यात जी रेषा काढली होती, तीच शासनाने पद आणि पगार यांच्यात काढली, असे म्हणता येईल: पुढची खुर्ची देता येत नाही तेथे तिचे वेतन दिले जाते.

वाद सोडवण्याची जागाही काळाबरोबर बदलली. बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने प्रशासकीय न्यायाधिकरणांची वाट मोकळी केली, १९८५ चा कायदा आला आणि जुलै १९९१ मध्ये महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण सुरू झाले. कर्मचारी ज्याला ‘मॅट’ म्हणतात त्या या न्यायाधिकरणाचे नागपूर खंडपीठ कोरपन्याच्या तहसील कार्यालयातील राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यासाठी पहिली पायरी आहे. जिल्हा परिषदेचे शिक्षक मात्र त्याच्या कक्षेबाहेर असून त्यांना उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे जावे लागते. १९९७ च्या चंद्रकुमार निकालानंतर मॅटच्या निर्णयाविरुद्धही आधी उच्च न्यायालयातच दाद मागावी लागते. त्यामुळे एका तात्पुरत्या यादीवरील हरकतीचा प्रवास कार्यालय, मॅट, उच्च न्यायालय आणि सर्वोच्च न्यायालय असा होऊ शकतो, आणि या प्रवासाला लागणारा काळ अनेकदा कर्मचाऱ्याच्या उरलेल्या सेवेपेक्षा मोठा असतो.

अलीकडच्या दोन दशकांत हे चित्र पदोन्नतीतील आरक्षणाने आणखी गुंतागुंतीचे केले आहे. आरक्षणाने आधी वर गेलेला कर्मचारी वरच्या पदावरही ज्येष्ठ राहतो की मागून आलेला खुल्या प्रवर्गातील जुना ज्येष्ठ त्याला पुन्हा गाठतो, या प्रश्नावर न्यायालयाने गाठण्याच्या बाजूने कौल दिल्यानंतर संसदेने २००१ च्या पंच्याऐंशीव्या घटनादुरुस्तीने ‘परिणामी ज्येष्ठता’ मान्य केली. २००६ च्या नागराज निकालाने तिला मोजता येईल अशा आकडेवारीची अट जोडली. महाराष्ट्राचा २५ मे २००४ चा पदोन्नती आरक्षणाचा शासन निर्णय उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ रोजी रद्द केला, वाद सर्वोच्च न्यायालयात गेला आणि ७ मे २०२१ च्या निर्णयाने शासनाने २५ मे २००४ ची स्थिती धरून ज्येष्ठतेनुसार जागा भरण्याचे ठरवले. एका तारखेवर यादी गोठवण्याची ही रीत नवी नव्हे. १ नोव्हेंबर १९५६ ही तारीखसुद्धा अशीच गोठवलेली होती.

या सगळ्या इतिहासातून एक गोष्ट स्पष्ट होते. राज्य, विभाग आणि जिल्हा यांच्या सीमा बदलण्याचा अधिकार कायदा सरकारला देतो, आणि त्या बदलात कर्मचाऱ्याचे पद व वेतन सांभाळण्याचे बंधनही सरकारवर घालतो. पण त्याची पुढची वाट सांभाळण्याचे बंधन कायद्याने कधी घातले नाही, आणि ज्येष्ठतेचा प्रत्येक मोठा खटला या न घातलेल्या बंधनाची भरपाई समान संधीच्या तत्त्वातून मागत आलेला आहे. १९५३ च्या नागपूर कराराने विदर्भ व मराठवाड्याला नोकऱ्यांत योग्य प्रतिनिधित्वाचे वचन दिले आणि अनुच्छेद ३७१(२) ने राज्यपालांकडे तशी जबाबदारी सोपवता येईल अशी तरतूद केली. या दोन्ही ठिकाणी प्रदेशाचा विचार आहे, रांगेचा नाही. प्रदेश सामावून घेता येतो, पण दोन रांगा एक करताना कोणीतरी मागे जातोच.

कोरपना-राजुऱ्याच्या दक्षिणेस, आता जिवती तालुक्यात मोडणाऱ्या परमडोली, मुकादमगुडा, महाराजगुडा, अंतापूर आदी चौदा गावांवर महाराष्ट्र आणि तेलंगणा ही दोन्ही राज्ये आपला हक्क सांगतात. तेथील काही गावांत दोन्ही राज्यांच्या योजना आणि दोन्ही राज्यांच्या शाळा चालतात. एकीकडे मराठीतून आणि दुसरीकडे तेलुगूतून शिकवणारे शिक्षक एकाच गावात, हाकेच्या अंतरावर काम करत असतात. पण एकाच्या सेवेची वर्षे चंद्रपूरच्या यादीत मोजली जातात आणि दुसऱ्याची सीमेपलीकडच्या यादीत. १९५६ मध्ये आदिलाबादच्या ज्या एका यादीचे दोन भाग झाले, ते दोन्ही भाग या गावांत आजही शेजारी-शेजारी चालू आहेत.